नात्याने आलेले म्हातारपण

चित्रपटात आणि दूरचित्रवाणीवर वृद्ध स्त्रिया दिसत नाहीत, ही तक्रार पाश्चात्त्य समीक्षेतून आपल्याकडे आली आणि फारशी पारख न करता स्वीकारली गेली. परंतु मराठी आणि हिंदी पडद्याकडे नीट पाहिले तर तेथे आई, आजी, सासू, आत्या आणि शेजारच्या काकू यांची वाण कधीच नव्हती, असे ध्यानात येते. उणीव आहे ती निराळ्या गोष्टीची. पडद्यावरची स्त्री वर्षे सरली म्हणून म्हातारी होत नाही, ती कोणाची तरी आई किंवा सासू झाली की म्हातारी होते. तिचे वय तिच्या शरीरातून, कष्टातून किंवा अनुभवातून उमटत नाही, ते नात्यातून येते, आणि एकदा ते नात्यातून आले की त्या नात्यापलीकडे तिला स्वतःचा भूतकाळ, कामधंदा, मत्सर, इच्छा किंवा राजकीय मत असण्याची गरज उरत नाही. ही व्यवस्था जळगाव आणि धुळे या जिल्ह्यांच्या, म्हणजे खान्देशाच्या, बाजूने पाहिली असता अधिक स्पष्ट होते, कारण या मुलखाशी नाते असलेल्या तीन स्त्रिया, एक अभिनेत्री, एक कवयित्री आणि एक राष्ट्रपती, देशभर ओळखल्या गेल्या, आणि तिघींच्याही वयाला पडद्याने तीन वेगळ्या रीतींनी वळण लावले.

वयावरून माणसाची किंमत ठरवण्याच्या वृत्तीला समाजशास्त्रात वयभेद म्हणतात. वंशभेद आणि लिंगभेद या संज्ञांच्या धर्तीवर ही संज्ञा अमेरिकन मनोविकारतज्ज्ञ रॉबर्ट बटलर यांनी १९६९ मध्ये रूढ केली. तीन वर्षांनी सुसान सोंटाग यांनी एका गाजलेल्या निबंधात दाखवून दिले की हा भेद स्त्री-पुरुषांना सारखा लागू होत नाही, कारण पिकलेले केस आणि सुरकुत्या पुरुषाच्या अधिकारात भर घालतात, तर स्त्रीच्या बाबतीत त्याच खुणा वजाबाकी समजल्या जातात. वृद्धत्वाचा दुहेरी मापदंड असे या विचाराचे नाव आहे. भारतात या मापदंडाला लोकसंख्येची एक विसंगतीही जोडलेली आहे. २०११ च्या जनगणनेनुसार देशात साठी ओलांडलेल्या व्यक्ती सुमारे १०.४ कोटी होत्या आणि त्यांत स्त्रिया पुरुषांपेक्षा अधिक, म्हणजे सुमारे ५.३ कोटी होत्या. वृद्धांच्या जगात स्त्रियाच बहुसंख्य असताना कथेच्या केंद्रस्थानी मात्र वृद्ध पुरुषच अधिक वेळा येतो, आणि त्याच्या शेजारी चहाचा कप घेऊन उभी असते ती त्याची पत्नी.

नात्याने वय ठरवण्याची रीत किती पक्की आहे, याचा पुरावा जन्मतारखांच्या तुलनेतून मिळतो. 'मदर इंडिया' १९५७ मध्ये प्रदर्शित झाला तेव्हा त्यातील आई रंगवणाऱ्या नर्गिस आणि तिचा बंडखोर मुलगा झालेले सुनील दत्त हे दोघेही १९२९ च्या जून महिन्यात जन्मलेले, म्हणजे अठ्ठावीस वर्षांचे होते, आणि पुढच्याच वर्षी त्यांचा विवाह झाला. 'दीवार' मधील निरूपा रॉय पडद्यावरच्या थोरल्या मुलाहून, अमिताभ बच्चन यांच्याहून, जेमतेम बारा वर्षांनी मोठ्या होत्या. 'अग्निपथ' मध्ये त्याच बच्चन यांच्या आईची भूमिका त्यांच्याहून वयाने लहान असलेल्या रोहिणी हट्टंगडी यांनी केली. आणि 'वास्तव' मधील रीमा लागू व त्यांचा मुलगा झालेले संजय दत्त यांच्यात उणेपुरे एका वर्षाचे अंतर होते. येवल्याच्या ललिता पवार यांची कहाणी याहून कठोर आहे. १९४२ मध्ये चित्रीकरणाच्या वेळी बसलेल्या जोरदार थपडेने त्यांचा चेहरा आणि डावा डोळा अधू झाला, नायिका म्हणून त्यांचे काम तेथेच संपले, आणि पंचविशी-सव्विशीतील त्या स्त्रीला चित्रपटव्यवसायाने पुढची चार-पाच दशके खाष्ट सासू, कजाग सावत्र आई आणि शेवटी दूरचित्रवाणीवरच्या 'रामायणा'तील मंथरा म्हणून वापरले. नायिकापदावरून उतरलेल्या स्त्रीसाठी मधला टप्पाच ठेवलेला नाही. एका पायरीवर प्रेयसी आहे आणि पुढच्याच पायरीवर आई, आणि या दोन पायऱ्यांच्या मधे चाळिशी-पन्नाशीचे जे भरगच्च आयुष्य असते त्याला कथेत जागा नाही. नायकाच्या बाबतीत ही मधली जागा वीस-पंचवीस वर्षे रुंद असते, हे वेगळे सांगायला नको.

स्मिता पाटील यांचे घराणे धुळे जिल्ह्यातील शिरपूरचे. त्यांचे वडील शिवाजीराव पाटील हे तेथील राजकीय कार्यकर्ते आणि राज्याचे मंत्री, आई विद्याताई पाटील समाजकार्यात रमलेल्या. १७ ऑक्टोबर १९५५ रोजी जन्मलेल्या या अभिनेत्रीचे १३ डिसेंबर १९८६ रोजी, वयाच्या एकतिसाव्या वर्षी निधन झाले, आणि त्यामुळे त्यांच्या स्मृतीवर अकाली मरणाचे एक वलय आहे, ज्यात त्यांनी वय हे अभिनयाचे साधन म्हणून कसे वापरले याची चर्चा हरवून जाते. श्याम बेनेगल यांच्या 'भूमिका' मध्ये त्यांनी हंसा वाडकर यांच्या आत्मकथनावर बेतलेल्या नटीचा षोडशवयापासून थकलेल्या मध्यमवयापर्यंतचा प्रवास बाविशीच्या आतबाहेर असताना उभा केला. जयवंत दळवी यांच्या कादंबरीवरून रवींद्र धर्मराज यांनी काढलेल्या 'चक्र' मध्ये त्या झोपडपट्टीतील अम्मा झाल्या, आणि तिच्या वयात आलेल्या मुलाची, बेनवाची, भूमिका करणारे रणजित चौधरी त्यांच्याच वयाचे होते. परंतु येथे नेहमीच्या गणिताला एक तडा जातो, आणि तो लक्षात घेण्याजोगा आहे. अम्मा ही आई असूनही तिचे आईपण तिला म्हातारी करत नाही. तिला शरीर आहे, भूक आहे, दोन पुरुष आहेत, अंगण नसलेल्या जागेत आंघोळ करण्याची लाज आणि बेफिकिरी दोन्ही आहेत, आणि मुलाच्या भवितव्याची काळजी या सगळ्याच्या बरोबरीने आहे. या भूमिकेला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, पण तिच्यातून परंपरा निर्माण झाली नाही. चित्रपटाच्या जाहिरातीत गाजले ते आंघोळीचे दृश्य, आणि अम्मा ही वाढत्या वयाच्या स्त्रीची वेगळी घडण आहे, हे कोणी मनावर घेतले नाही. स्मिता पाटील साठीपर्यंत जगल्या असत्या तर त्यांना कोणत्या भूमिका मिळाल्या असत्या, या भाबड्या प्रश्नाचे उत्तर त्यांच्या समकालीनांकडे पाहून देता येते: शबाना आझमी यांना सत्तरी ओलांडल्यावर २०२३ च्या एका व्यावसायिक हिंदी चित्रपटात प्रेमाचे एक छोटेसे दृश्य मिळाले, तर त्या दृश्यावरच महिनाभर चर्चा चालली.

आईला मुलाच्या डोळ्यांनी पाहण्याची मराठी रीत ज्या पुस्तकाने पक्की केली त्याचा कर्ता कोकणातला असला तरी त्याच्या शिक्षकी आयुष्याचा महत्त्वाचा काळ जळगाव जिल्ह्यातील अमळनेरच्या प्रताप हायस्कूलमध्ये गेला. साने गुरुजींच्या 'श्यामची आई' वरून आचार्य अत्रे यांनी १९५३ मध्ये चित्रपट केला आणि राष्ट्रीय पुरस्कारांच्या पहिल्याच वर्षी त्याला सुवर्णपदक मिळाले. तो चित्रपट चांगला आहे, आणि वनमाला यांचा अभिनय आजही जुना वाटत नाही. पण त्याने रूढ केलेली दृष्टी अशी की आई म्हणजे मुलाच्या आठवणीत उरलेली व्यक्ती, आणि आठवणीतल्या व्यक्तीला स्वतःचे आयुष्य नसते, संस्कार तेवढे असतात.

कवयित्रीच्या बाबतीत पडद्याने केलेली गोष्ट याहून सूक्ष्म आहे. बहिणाबाई चौधरी २४ ऑगस्ट १८८० रोजी जळगावजवळच्या असोदे येथे जन्मल्या, तेराव्या वर्षी विवाह होऊन जळगावला आल्या, तिशीत विधवा झाल्या आणि त्यानंतर चार दशके शेत, घर, मुले आणि भाऊबंदकी सांभाळत ३ डिसेंबर १९५१ रोजी वारल्या. त्यांना लिहिता-वाचता येत नव्हते. लेवा बोलीत, जात्यावर किंवा शेतात काम करताना त्या जे म्हणत ते त्यांचे पुत्र सोपानदेव यांनी आणि घरातल्यांनी टिपून ठेवले, आणि त्यांच्या मृत्यूनंतर १९५२ मध्ये अत्रे यांच्या प्रस्तावनेसह ते प्रसिद्ध झाले. म्हणजे महाराष्ट्राला बहिणाबाई कळल्या त्या म्हातारपणासकट कळल्या. त्यांची छबी डोक्यावरून पदर घेतलेल्या वयस्क शेतकरी स्त्रीची आहे, आणि त्यांच्या कवितेतील शहाणपण हे नांगरणी-पेरणीच्या अनेक हंगामांतून आणि दीर्घ वैधव्यातून आलेले आहे, असेच वाचक मानतात. नऊ वर्षांनी, १९६१ मध्ये, अनंत माने यांच्या 'मानिनी' या चित्रपटात वसंत पवार यांच्या संगीतासह या कविता आल्या आणि घराघरांत पोचल्या. आज पुष्कळांना त्या पुस्तकामुळे माहीत नसून चित्रपटामुळेच माहीत आहेत. मात्र या चित्रपटाची नायिका तरुण होती, जयश्री गडकर, आणि विषय होता तरुण विवाहितेच्या स्वाभिमानाचा. जे बोल एका विधवा कुणबाऊ स्त्रीच्या आयुष्याची वसुली होते ते नवपरिणीतेच्या ओठी आले, त्यातले वैधव्य गळाले, शेतीची जुनी तक्रार गळाली आणि संसार या शब्दाला गोडवा चढला.

यात अनंत माने यांनी काही अपराध केला असे मानण्याचे कारण नाही, कारण गाणे नायिकेनेच म्हणायचे हा त्या काळच्या बोलपटाचा नियम होता आणि त्याच नियमामुळे या कविता वाचल्याही. तरी नियम कोणता होता हे पाहावे लागते. म्हातारीचे शब्द पडद्याला हवे होते, म्हातारी नको होती. १५ ऑगस्ट १९९० रोजी जळगावात स्थापन झालेल्या उत्तर महाराष्ट्र विद्यापीठाला २०१८ मध्ये बहिणाबाईंचे नाव दिले गेले, त्यांचे पुतळे आणि स्मारके झाली, शाळेच्या पुस्तकांत त्या आहेतच. परंतु पन्नाशी-साठीतल्या बहिणाबाईंना, म्हणजे ज्या वयात त्या घराच्या कर्त्या होत्या त्या वयात, केंद्रस्थानी ठेवणारा आणि त्यांच्या बोलीत बोलणारा व्यावसायिक चित्रपट अजून मराठी प्रेक्षकांच्या स्मरणात घर करून बसलेला नाही.

दूरचित्रवाणीवर परिस्थिती उलटी दिसते, कारण तेथे वयस्क स्त्री कथेच्या मधोमध असते. २००१ मध्ये ई टीव्ही मराठीवर सुरू झालेली 'चार दिवस सासूचे' ही मालिका अकरा वर्षांहून अधिक काळ चालली, तिचे तीन हजारांहून अधिक भाग झाले, आणि रोहिणी हट्टंगडी यांनी साकारलेली आशा देशमुख ही तिची नायिकाच होती. पुढे त्याच हट्टंगडी 'होणार सून मी ह्या घरची' मध्ये आईआजी झाल्या, जिच्या शब्दाबाहेर घरातल्या बाकीच्या सासवाही जात नसत. अशा मालिकांचे अर्थकारण समजून घेतले पाहिजे. रोजची मालिका टीआरपीवर, म्हणजे निवडक घरांत बसवलेल्या यंत्रांवरून काढलेल्या प्रेक्षकसंख्येच्या निर्देशांकावर, जगते. संध्याकाळी सात ते दहा या वेळेत दूरचित्रसंच ज्यांच्या ताब्यात असतो त्यांत चाळिशीपुढच्या गृहिणी मोठ्या संख्येने असतात, आणि मसाले, साबण व सोन्याचे दागिने यांचे जाहिरातदार त्यांच्याच मागे असतात. त्यामुळे सासूला सत्ता मिळते, पण ती सत्ता उंबऱ्याच्या आतली असते: किल्ल्या, हुंडा, वारस, कोणाचे लग्न कोणाशी. आशा देशमुख किंवा आईआजी सातबारा वाचताना, सोसायटीच्या कर्जाचा हप्ता भरताना किंवा कापसाच्या भावावरून व्यापाऱ्याशी हुज्जत घालताना दिसत नाहीत. मालिका तीन-चार वर्षे टिकली की तिच्यात झेप येते, म्हणजे कथानक एकदम दहा-पंधरा वर्षे पुढे जाते, आणि तेव्हा कालपर्यंतच्या नायिकेला चष्मा आणि कानाजवळ एक पांढरी बट देऊन आई केले जाते. तिची त्वचा, चाल, दागिने आणि आवाज आहे तसेच राहतात. त्या पांढऱ्या बटेइतके प्रामाणिक चिन्ह दुसरे नाही. वय म्हणजे एवढेच, असे ती सांगते.

या चौकटीला आतून धक्का देण्याचे प्रयत्न अलीकडे झाले आहेत आणि ते हिणवण्याजोगे नाहीत. २०१९ मध्ये झी मराठीवर आलेल्या 'अग्गबाई सासूबाई' मध्ये निवेदिता सराफ यांच्या आसावरीचा पुनर्विवाह सुनेनेच लावून दिला. त्याच वर्षी स्टार प्रवाहवर सुरू झालेल्या 'आई कुठे काय करते' मधील अरुंधती संसारातून बाहेर पडून स्वतःचे गाणे आणि पुढे दुसरा जोडीदारही शोधते. जळगाव-धुळ्याकडे, जेथे उतारवयातील विधवेच्या लग्नाचा विषय भाऊबंदांत आजही दबक्या आवाजात निघतो, तेथे अशी कथा रोज रात्री जेवणाच्या वेळी बैठकीत चालू असणे ही लहान गोष्ट नव्हे. खटकते ते एवढेच की या स्त्रियांची सुटका व्हायची असेल तर ती पुन्हा विवाहातूनच होते. विधुर आणि विधवा यांच्या उतारवयातील ओढीवर बिपिन नाडकर्णी यांचा 'उत्तरायण' अधिक संयमाने बोलला होता. आणि विवाहाशिवायची इच्छा दाखवायची ठरली तर काय होते ते 'लिपस्टिक अंडर माय बुरखा' ने दाखवले: पंचावन्न वर्षांची आणि सगळ्या मोहल्ल्याची बुआजी असलेली स्त्री, रत्ना पाठक शहा यांनी केलेली, चोरून प्रणयकथा वाचते, आणि २०१७ मध्ये चित्रपट प्रमाणन मंडळाने या चित्रपटाला आधी प्रमाणपत्रच नाकारले.

३० जून २०२३ रोजी आलेल्या केदार शिंदे यांच्या 'बाईपण भारी देवा' ने ७० कोटी रुपयांहून अधिक कमाई केली आणि बायका नऊवारी नेसून, गॉगल लावून, गटागटाने चित्रपटगृहात गेल्या. सहा बहिणींच्या, म्हणजे सहा प्रौढ आणि वृद्ध नट्यांच्या जोरावर मराठी चित्रपट एवढा चालू शकतो, हे निर्मात्यांना समजले ही त्याची मोठी कामगिरी. तरीही त्या कथेचा कणा असलेली मंगळागौर पाहण्याजोगी आहे. मंगळागौर हे नवविवाहितेचे व्रत आहे. लग्नानंतरच्या पहिल्या काही वर्षांत श्रावणातल्या मंगळवारी ते करायचे असते आणि त्यातील फुगड्या-झिम्मा हे सासरी बावरलेल्या मुलींना मोकळे करण्याचे खेळ आहेत. म्हणजे वयस्क बहिणींना एकत्र आणण्यासाठी, त्यांना पुन्हा प्रेक्षणीय करण्यासाठी, कथेला त्यांना नववधूंच्या अंगणात न्यावे लागले. खान्देशात त्याच श्रावणात कानबाई बसते. नागपंचमीनंतरच्या रविवारी कानबाईची स्थापना होते, भाऊबंदकीतील सगळी घरे एका ठिकाणी येतात, रोट होतात, रात्रभर गाणी चालतात आणि सोमवारी वाजतगाजत विसर्जन होते; या सगळ्यात कोणते गाणे कशानंतर, रोटाचे दळण कसे, कोणाचा मान आधी, हे ठरवण्याचा अधिकार घरातल्या जुन्या बायांचा असतो. तेथे त्यांना तरुण व्हावे लागत नाही. वय हीच त्यांची पात्रता. मुंबई-पुण्याच्या पटकथालेखकाला मंगळागौर सुचली आणि कानबाई सुचली नाही, यात नवल काही नाही.

तिसरी स्त्री कल्पित पडद्यावर कधी आली नाही, वृत्तवाहिन्यांच्या पडद्यावर मात्र पाच वर्षे होती. प्रतिभाताई पाटील यांचा जन्म १९ डिसेंबर १९३४ रोजी जळगाव जिल्ह्यातील नाडगाव येथे झाला. मूळजी जेठा महाविद्यालयात शिकत असताना त्या टेबलटेनिसच्या उत्तम खेळाडू होत्या. १९६२ मध्ये सत्ताविसाव्या वर्षी जळगावमधून विधानसभेवर निवडून गेल्या आणि नंतर एदलाबादमधून सलग चार वेळा. २५ जुलै २००७ रोजी, बहात्तराव्या वर्षी, त्यांनी राष्ट्रपतिपदाची शपथ घेतली. त्या काळातील दूरचित्रवाणीवरचे वर्णन आठवावे: पूर्ण बाह्यांचा पोलका, डोक्यावरून पदर, सौम्य बोलणे. पंचेचाळीस वर्षांचे राजकारण, उपमंत्रिपदापासून राज्यपालपदापर्यंतची वाट आणि पक्षांतर्गत डावपेचांतून तावून सुलाखून निघालेली मुरब्बी बुद्धी या गोष्टी पदराखाली झाकल्या गेल्या, आणि कौतुक करणारे तसेच टीका करणारे दोघेही त्यांना घरातल्या आजीच्या साच्यात बसवून मोकळे झाले. त्यांच्या कारकिर्दीचे मूल्यमापन राजकीय इतिहासकार करतील. येथे मुद्दा चित्राचा आहे. २५ नोव्हेंबर २००९ रोजी पुण्याच्या लोहगाव तळावरून चौऱ्याहत्तर वर्षांच्या प्रतिभाताईंनी हवाई दलाचा पोशाख आणि शिरस्त्राण घालून सुखोई विमानातून उड्डाण केले. तो प्रसंग सर्व वाहिन्यांनी दाखवला, दुसऱ्या दिवशी पहिल्या पानांवर छायाचित्रे आली, आणि नंतर तो गमतीचा प्रसंग म्हणून विस्मृतीत गेला. नाडगावची एक स्त्री त्या वयात लढाऊ विमानाच्या शिडीवर चढताना दिसते, हे दृश्य कोणत्याही मालिकेच्या लेखकाने लिहिले असते तर ते अवास्तव म्हणून खोडले गेले असते.

वृद्ध स्त्रीच्या सात्त्विक प्रतिमेला एक काळी बाजूही आहे, आणि तिच्याबद्दल मराठी समीक्षा फार कमी बोलते. भयपटात म्हातारी ही भीतीची हुकमी सामग्री असते. २०१८ च्या 'तुंबाड' मधील साखळदंडाने बांधलेली, शापाने विद्रूप झालेली आजी हे त्याचे कलादृष्ट्या उत्तम उदाहरण. शहरातल्या प्रेक्षकाला त्यातून दोन तासांचा शहारा मिळतो. परंतु सातपुड्याच्या पायथ्याशी, १ जुलै १९९८ रोजी धुळ्यातून वेगळ्या झालेल्या नंदुरबार जिल्ह्याच्या आदिवासी भागात, स्त्रीला डाकीण ठरवून मारहाण करणे, गावाबाहेर काढणे, हे प्रत्यक्षात घडत आले आहे. एकट्या, विधवा आणि वयस्क बाया त्याच्या सहज बळी ठरतात, अनेकदा त्यांच्या नावावरच्या जमिनीपायी. अंधश्रद्धा निर्मूलन समितीच्या कार्यकर्त्यांनी तेथे हा प्रश्न हाती घेतला आणि २०१३ च्या जादूटोणाविरोधी कायद्याने असा छळ गुन्हा ठरवला. भयपटांमुळे डाकीण प्रथा चालते असे म्हणणे बालिश ठरेल, ती चित्रपटांहून कितीतरी जुनी आहे. पण एका माध्यमात वृद्ध स्त्री एक तर देवघरात असते नाही तर अडगळीच्या अंधारात, मधल्या सोप्यात कधीच नसते, तेव्हा या दोन टोकांचे ओझे कोणावर पडते, याचा विचार कलावंताने करायला हरकत नाही.

मधला सोपा पडद्यावर न येण्याचे एक कारण भाषा आहे. मालिकांना ग्रामीण रंग हवा असतो तेव्हा कोल्हापुरी, मालवणी किंवा वऱ्हाडी बोली येते. अहिराणी आणि लेवा बोली यांचा वाटा अगदी थोडा, आणि आला तरी विनोदापुरता. सीमेवरच्या मालेगावात 'मालेगाव के शोले' पासून एक स्वतंत्र हौशी चित्रसृष्टी उभी राहिली, तिचे कौतुक जगभर झाले, पण ती मूलतः पुरुषांची, तरुणांची आणि विडंबनाची होती. नायिकेसाठीच जेथे बाहेरगावाहून मुलगी आणावी लागे तेथे आजीचा प्रश्नच उद्भवला नाही. त्यानंतर आलेल्या अहिराणी गाण्यांच्या लाटेने यूट्यूबवर कोट्यवधी प्रेक्षक मिळवले, आणि ती गाणी बहुतेक पोरीच्या झुमक्यांवर, हळदीवर आणि लग्नातल्या नाचावर आहेत.

भ्रमणध्वनीच्या कॅमेऱ्याने मात्र एका प्रकारे दार उघडले आहे. खापरावरचे मांडे करणाऱ्या बायांच्या चित्रफिती खान्देशातून सतत येत असतात: सैल मळलेल्या कणकेत पुरण भरायचे, तो गोळा दोन्ही हातांवर झेलत कोपरापर्यंत पसरवायचा आणि चुलीवर पालथ्या घातलेल्या खापरावर एका झटक्यात टाकायचा. हे कसब वर्षानुवर्षांच्या सरावाने येते, म्हणून ते करणारी बाई सहसा पन्नाशीपुढची असते. या चित्रफितींत कॅमेरा बहुतेक वेळ हातांवर असतो, चेहरा शेवटी एकदा दिसतो, आणि तिला विचारले जाते ते पुरणाचे प्रमाण. ती लग्नसराईत किती मांडे घालते, तिला एका दिवसाची किती मजुरी मिळते, आचाऱ्याला किती मिळते, हे क्वचितच विचारले जाते. म्हणजे नव्या माध्यमातही तिचे कसब पाहिले जाते आणि तिचा व्यवसाय पाहिला जात नाही. त्यातल्या त्यात बरी गोष्ट अशी की येथे म्हातारीची भूमिका म्हातारीच करते. २०१९ च्या 'सांड की आंख' मध्ये साठीपुढच्या नेमबाज आजींच्या भूमिका तिशीतल्या नट्यांना रंग फासून दिल्या गेल्या, तेव्हा निदान आमच्या वयाच्या भूमिका तरी आम्हाला द्या, अशा अर्थाची नाराजी नीना गुप्ता यांनी उघडपणे व्यक्त केली होती.

ही निवड केवळ निर्मात्यांच्या खोडसाळपणाने होत नाही, हेही लक्षात घ्यावे लागते. नट्या घडतात त्या हौशी रंगभूमीवर, आणि राज्य नाट्यस्पर्धेची तयारी जळगाव-धुळ्यात चालते ती दिवसाची कामे आटोपल्यावर, रात्री उशिरापर्यंत. विशीतली मुलगी घरच्यांशी भांडून येते, नोकरी करणारा पन्नाशीचा पुरुष डबा घेऊन येतो. पन्नाशीच्या बाईच्या घरी त्या वेळी सासूची औषधे असतात, नातवंडाची झोप असते, आणि तालमीहून परत कोण सोडणार हा प्रश्न असतो. मग आजीच्या भूमिकेसाठी महाविद्यालयातली मुलगी निवडली जाते, तिच्या केसांना पांढरी पावडर लावली जाते, ती कमरेत वाकून, थरथरत्या आवाजात बोलू लागते, आणि परीक्षकांना ते खरे वाटते, कारण त्यांनीही म्हातारी रंगमंचावर अशीच पाहिलेली असते. तालमीची वेळ दुपारी दोनची केली तर काय होईल, हे अजून कोणत्याही संस्थेने गांभीर्याने करून पाहिलेले दिसत नाही. त्या वेळी पुरुष कामावर असतात, ही अडचण खरी आहे.